दुर्घटनेनंतरचा पहिला महिना: वस्तीतल्या माणसांनी नेमकं काय करावं?

गच्चीवरून (धागाकर्ता)

शहरातल्या एखाद्या वस्तीत आग, स्फोट, चेंगराचेंगरी किंवा इमारत कोसळण्यासारखं काही घडलं की अग्निशमन दल, रुग्णालय, पोलीस यांची कामं ठरलेली असतात. तिथेच राहणाऱ्या, पण स्वतः जखमी न झालेल्या लोकांनी काय करायचं, हे मात्र ज्याला जे सुचेल तसं चालतं. रहिवाशांच्या समितीसाठी चार पानी टिपण करायचं आहे. ते वापरणारे डॉक्टर किंवा समुपदेशक नसतील. शेजारी, दुकानदार, शिक्षक, पहारेकरी असे लोक असतील.

अडलंय ते असं. घरोघरी जावं का, आणि गेल्यावर बोलायचं काय? अर्धी समिती म्हणते सगळ्यांना एकत्र बसवून बोलतं करा, अर्धी म्हणते लोकांना एकटं सोडा. मुलांना किती सांगायचं? कुणाला डॉक्टरकडे पाठवायचं हे साध्या माणसाने ओळखायचं कसं? आणि घटनास्थळी फुलं, चिठ्ठ्या, खेळणी यांचा ढीग साचतो, तो कधी आणि कसा उचलायचा?

'काळ हेच औषध' छापाचे प्रतिसाद कृपया नकोत. टिपणात उतरवता येईल असं सांगा.

---

उंबरठा

घरोघरी जाच, पण दोघांनी मिळून. एकाने बोलायचं, दुसऱ्याने वहीत लिहायचं. एकटा गेला की तो ऐकण्यात गुंततो आणि परत आल्यावर कोणत्या घरात इन्सुलिन संपलंय ते त्याला आठवत नाही.

वहीत रकाने एवढेच ठेवा: घर, आत्ता घरात कोण आहे, कोण एकटं आहे, रोजची औषधं किती दिवसांची उरली आहेत, फोन लागतो का, कुणाशी संपर्क करून द्यायचा आहे, पुढची भेट कधी. दारात 'कसं वाटतंय?' असं विचारू नका, त्याला उत्तर नसतं. 'आज कशाची अडचण आहे?' असं विचारा. पाणी, चार्जर, रुग्णालयात बसायला बदली माणूस, सापडत नसलेली कागदपत्रं अशी उत्तरं येतात, आणि त्यांवर काही करता येतं. जागतिक आरोग्य संघटनेने इतर संस्थांसोबत २०११मध्ये मानसिक प्रथमोपचाराची पुस्तिका काढली. तिचा गाभा बघा, ऐका, जोडून द्या (म्हणजे लागेल त्या मदतीशी आणि माणसांशी गाठ घालून द्या) एवढाच आहे. त्यातलं 'जोडून द्या' सर्वांत जास्त वेळा राहून जातं. ऐकून घेतलं, हात हातात घेतला आणि निघून आलो, असं होतं.

पूर्ण न होणारं आश्वासन देऊ नका. 'उद्या येतो' म्हणालात तर उद्या जा, हातात काही नसलं तरी. न आलेला मदतनीस हा त्या घराला बसलेला दुसरा धक्का असतो.

माहितीसाठी एकच फलक आणि एकच जबाबदार माणूस. दिवसातून दोन ठरलेल्या वेळा, प्रत्येक नोंदीवर तारीख आणि वेळ. नवीन काही कळलं नसेल तरी 'सायंकाळी ६पर्यंत नवीन माहिती नाही' असं लिहायचं. ती ओळ गाळली की ती जागा अफवा भरून काढते. मृतांची नावं कुटुंबाला कळल्याची खात्री झाल्याशिवाय फलकावर किंवा गटावर टाकायची नाहीत. सारख्या नावाच्या दोन माणसांमुळे काय घोळ होतो याची कल्पना करा.

---

मोकळाढाकळा

बाकी ठीक, पण मन मोकळं केलंच पाहिजे. पहिल्याच आठवड्यात सभा घ्या, प्रत्येकाने काय पाहिलं ते सांगावं, रडू द्यावं. आत कोंडलं की पुढे आजार होतो.

---

तळटीप

@मोकळाढाकळा, हे इतकं पटण्यासारखं आहे की कित्येक वर्षं बऱ्याच ठिकाणी तसंच केलं गेलं. पण घटनेनंतर लगेच एकदाच बसवून सगळं सांगायला लावण्याच्या पद्धतीच्या चाचण्या झाल्या, आणि २००२च्या कॉक्रेन आढाव्यात (वैद्यकीय चाचण्या एकत्र तपासणारा आढावा) निष्कर्ष निघाला की त्याने पुढचा आघातोत्तर विकार (पीटीएसडी, म्हणजे भयंकर घटनेनंतर दीर्घकाळ टिकणारा मानसिक त्रास) टळत नाही. एका चाचणीत तर वर्षभरानंतर तो धोका वाढलेला दिसला. ब्रिटनमध्ये उपचारांची मार्गदर्शक तत्त्वं ठरवणाऱ्या 'नाइस' संस्थेची २०१८ची मार्गदर्शिका अशी बैठक देऊच नका असं म्हणते.

असं का होत असावं याची कारणं समजण्यासारखी आहेत. पहिल्या दिवसांत शरीर आधीच ताणलेलं असतं. आठवणीत परत जायला लावलं की ते आणखी ताणतं, आणि त्या दिवशी तो ताण उतरवून द्यायला कुणी नसतं. शिवाय गटात बसलेल्याने जे स्वतः पाहिलेलंच नाही ते दुसऱ्याच्या तोंडून तपशिलासकट ऐकावं लागतं. जो स्वतःहून बोलतोय त्याला अर्थात थांबवायचं नाही. बोलायचं की नाही हे त्याने ठरवायचं, आपण नाही.

'एकटं सोडा' हेही तितकंच चूक. मानसशास्त्रज्ञ स्टीव्हन हॉबफॉल आणि सहकाऱ्यांनी २००७मध्ये उपलब्ध पुराव्यांतून पाच गोष्टी काढल्या: सुरक्षित वाटणं, शरीर-मन शांत होणं, आपण आणि आपली वस्ती काही करू शकतो ही जाणीव, माणसांशी संबंध, आणि आशा. यातल्या निम्म्या गोष्टी खोलीत एकट्याने मिळत नाहीत.

म्हणून सभा जरूर घ्या, पण अशी. ४० ते ४५ मिनिटं, दारं उघडी, खुर्च्यांमध्ये मोकळी वाट, म्हणजे मध्येच उठता येतं. आधी काय कळलंय आणि कोणती मदत कुठे मिळते ते सांगा. मग नावं वाचा, ज्या कुटुंबांनी होकार दिलाय तेवढीच. दोन मिनिटं शांतता. त्यानंतर माइक बंद करून टेबलं मांडा: एक कागदपत्रांचं, एक औषधांचं, एक मुलं सांभाळण्याचं. व्यासपीठावरून प्रत्यक्षदर्शींची भाषणं नकोत. कुणी तपशील सांगू लागलंच तर स्वयंसेवकाने शेजारी बसावं, बाजूला न्यावं आणि तिथे पूर्ण ऐकावं.

अजून एक, जे हमखास विसरलं जातं: दुर्घटना ज्या प्रकारची, त्याची नक्कल सभेत नको. आगीनंतर बंद सभागृहात शेकडो मेणबत्त्या लावू नका. चेंगराचेंगरीनंतर एक मोठी गर्दी करण्यापेक्षा चार छोट्या सभा घ्या. स्फोटानंतर माइकची शिट्टी आणि खटके आधी तपासा.

---

रात्रपाळी

झोप आणि डॉक्टर या दोन मुद्द्यांवर लिहितो.

पहिले काही दिवस झोप उडणं, दचकणं, तेच चित्र डोळ्यांसमोर येणं, हात थरथरणं हे जवळपास सगळ्यांना होतं. याला लगेच आजार म्हणू नका आणि लोकांनाही तसं सांगा. आपलं डोकं फिरतंय या भीतीनेच अर्धी झोप जाते. उठायची वेळ रोज तीच ठेवायची, रात्र कशीही गेली तरी. दुपारनंतर चहा-कॉफी नको. झोपेसाठी दारू तर नकोच. तिने डोळा लागतो, पण पहाटे झोप तुटते आणि स्वप्नं वाढतात. वीसेक मिनिटांत झोप आली नाही तर उठून मंद उजेडात काहीतरी कंटाळवाणं करावं.

झोपेची गोळी शेजाऱ्याच्या डब्यातून घेऊ नये. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१३च्या शिफारशींनुसार आघातानंतरच्या पहिल्या महिन्यात तणावाच्या लक्षणांसाठी बेन्झोडायझेपिन गटातली औषधं (झोपेच्या आणि चिंता कमी करण्याच्या अनेक गोळ्या यातल्या असतात) देऊ नयेत. मात्र कुणी आधीपासून ती घेत असेल तर अचानक बंद करायची नाहीत, त्याने आकडी येऊ शकते. म्हणूनच वहीत 'रोजची औषधं' हा रकाना हवा.

श्वासाचा व्यायाम सांगताना लोक 'खोल श्वास घ्या' म्हणतात आणि समोरचा भराभर मोठे श्वास घेतो. मग चक्कर, बोटांना मुंग्या, छातीत घट्टपणा, आणि घाबरणं दुप्पट. भर सोडण्यावर द्या: नाकाने ४ आकडे मोजत आत, ६ मोजत बाहेर, असं पाच मिनिटं. डोळे उघडे ठेवून, पाय जमिनीला टेकवून. डोळे मिटले की कित्येकांना तेच दृश्य दिसतं.

बातम्यांबद्दल: २०१३च्या बॉस्टन मॅरेथॉन स्फोटांनंतरच्या अभ्यासात, पहिल्या आठवड्यात रोज सहा किंवा अधिक तास त्या घटनेच्या बातम्या-चित्रफिती पाहणाऱ्यांमध्ये तणावाची लक्षणं प्रत्यक्ष तिथे हजर असलेल्यांपेक्षाही जास्त आढळली. म्हणून दिवसातून दोनदा, पंधरा-वीस मिनिटं, शक्यतो वाचून. फोनवर चित्रफिती आपोआप सुरू होणं आणि गटावरचे फोटो आपोआप उतरणं बंद करा. आजी-आजोबांच्या फोनवर हे कुणीतरी जाऊन करून द्यावं लागतं, सांगून होत नाही.

आता डॉक्टरकडे कधी. त्याच दिवशी: मरण्याची भाषा, भ्रम, दिवसभर पाणीही न पिणं, स्वतःला किंवा दुसऱ्याला इजा होईल असं वागणं. दुःखाच्या लाटेत घसा दाटणं, धाप लागणं, सारखे उसासे हे होतंच. १९४२च्या बॉस्टनमधल्या कोकोनट ग्रोव्ह नाइटक्लबच्या आगीनंतर (४९२ मृत्यू) मनोविकारतज्ज्ञ एरिक लिंडेमान यांनी शोकग्रस्तांमध्ये २० मिनिटं ते तासभर टिकणाऱ्या अशा लाटा नोंदवल्या. पण छातीतली कळ हातात किंवा जबड्यात जात असेल, घाम फुटला असेल, तर दुःख म्हणून सोडू नका, सरळ रुग्णालय.

महिन्यानंतर: दुःस्वप्नं, त्या जागेचं नाव काढताच अंग काढून घेणं, चिडचिड, कामावर न जमणं हे ओसरत नसेल तर तज्ज्ञाकडे. आघातकेंद्री संज्ञानात्मक वर्तन उपचार (त्या घटनेबद्दलचे विचार आणि टाळाटाळ बदलण्यावर काम करणारा संवादोपचार) किंवा ईएमडीआर (आठवण मनात आणताना डोळ्यांची ठरावीक हालचाल करून घेणारा उपचार) यांना चांगला पुरावा आहे. पहिल्या प्रकाराची साधारण ८ ते १२ सत्रं असतात. किती लोकांना लागेल? माणूस घटनेच्या किती जवळ होता यावर अवलंबून. सप्टेंबर २००१च्या हल्ल्यानंतर मॅनहॅटनच्या रहिवाशांत संभाव्य आघातोत्तर विकाराचं प्रमाण महिना-दीड महिन्यांनी ७.५ टक्के होतं, सहा महिन्यांत ०.६ टक्क्यांवर आलं. उलट १९९५च्या ओक्लाहोमा सिटी स्फोटात थेट सापडून वाचलेल्यांपैकी ३४ टक्क्यांना सुमारे सहा महिन्यांनी तो विकार होता. म्हणजे वहीत 'आत होते', 'पाहिलं', 'ऐकलं' अशी खूण केलीत तर महिन्यानंतर कुणाकडे आधी जायचं ते ठरतं.

---

गच्चीवरून

वही, सभा, बातम्या हे टिपणात घेतलं. एक जोडप्रश्न. त्याच जिन्याने, त्याच स्थानकावरून, त्याच लिफ्टने रोज जावं लागतं आणि लोक जात नाहीत. दोन किलोमीटरचा वळसा घालतात. ढकलायचं का?

---

रात्रपाळी

ढकलायचं नाही, पायऱ्या पाडायच्या. अट पहिली: जागा खरोखर सुरक्षित असल्याची तपासणी झालेली असावी. नसेल तर ती भीती बरोबरच आहे.

आधी सोबतीने, दिवसाउजेडी, जागा दिसेल इतक्या अंतरावर. मग फाटकापर्यंत. मग आत दहा मिनिटं. मग सोबती बाहेर थांबून. नेहमीची चूक ही की भीती शिगेला पोचली की माणूस पळतो. तेव्हा मेंदू 'पळालो म्हणून वाचलो' असं शिकतो आणि पुढची खेप जड जाते. भीती चढते, टिकते आणि उतरू लागते. ती थोडी तरी उतरेपर्यंत थांबायचं, मग निघायचं. आठवड्यातून तीन-चार वेळा. एकदाच जाऊन 'जमलं' म्हणून सोडलं तर फार टिकत नाही. सुरुवातीला कानात गाणी चालतील, पण नंतर काढायची.

जो स्वतः आत अडकला होता, किंवा ज्याला घटना पुन्हा चालू असल्यासारखे झटके येतात, त्याच्यासोबत हे शेजाऱ्याने करू नये. तिथे उपचारकच हवा.

---

खडूफळा

मुलांबद्दल. खरं सांगा, थोडकं सांगा, आणि त्यांनी विचारलं तेवढंच सांगा. 'झोपला', 'लांब गेला' असं लहान मुलाला सांगितलं की ते झोपायला घाबरतं किंवा वाट पाहत बसतं. 'मेला, म्हणजे त्याचं शरीर चालायचं थांबलं, ते परत चालू होत नाही.' हे बोलायला मोठ्यांनाच जड जातं. तेच उत्तर पुन्हा पुन्हा द्यावं लागेल, त्याच शब्दांत द्या. टीव्हीवर तेच दृश्य परत दिसलं की लहानग्यांना ते पुन्हा घडतंय असं वाटू शकतं, त्यांच्यासमोर बंदच.

पाच वर्षांखालची मुलं अंथरूण ओलं करतात, चिकटून राहतात, सुटलेला अंगठा परत तोंडात जातो. रागावू नका, काही आठवड्यांत बहुतेक वेळा सरळ होतं. सहा ते बारा वयात पोट दुखतं, डोकं दुखतं आणि घटनेचा खेळ खेळला जातो: ठोकळ्यांची इमारत पाडणं, कुणाला तरी 'मेलेला' करणं. खेळू द्या. खेळ दरवेळी त्याच शेवटाला अडकत असेल आणि मूल खेळून आणखी अस्वस्थ होत असेल तर तुम्ही त्यात शिरा: शिडी आणा, रुग्णवाहिका आणा. किशोरांकडून शब्द मिळत नाहीत, काम द्या. फलकावर वेळ लिहिणं, औषधं पोचवणं. प्रेतं किंवा रक्त साफ करण्याच्या आसपास मात्र त्यांना नेऊ नका. ते 'मी मोठा आहे' म्हणतील तरीही.

शाळा लवकर सुरू करा, हवं तर अर्धा दिवस. गेलेल्या विद्यार्थ्याचा बाक रातोरात हलवू नका. वर्गाला विचारा, तारीख ठरवा, मग हलवा. पालकांनाही आधी कळवा.

---

उंबरठा

मदतनीसांचं राहिलं. ज्यांनी माणसं उचलली, रस्ता धुतला, रात्रभर रुग्णालयाच्या दारात यादी धरून उभे राहिले, त्यांना कुणी 'तुम्ही कसे आहात' विचारत नाही. सफाई कामगार आणि पहारेकरी तर यादीतच नसतात. सहा-आठ तासांच्या पाळ्या, जोडीने, आणि घरी जाण्याआधी दहा मिनिटं बसून फक्त दोन गोष्टी: उद्या काय करायचं, आणि तुझ्या घरी आत्ता कुणी आहे का. सर्वांत उत्साही माणसाला सक्तीने सुट्टी द्या. दुसऱ्या आठवड्यात कोसळतो तो तोच.

पैशांबद्दल थोडक्यात: वेगळं खातं, दोन सह्या, कशासाठी गोळा करतोय ते आधी लिखित, हिशेब फलकावर पण घेणाऱ्यांची नावं नाहीत. सगळं पहिल्या महिन्यात वाटून टाकू नका. उपचारांचा आणि बुडालेल्या रोजगाराचा खर्च पुढे येतो. जुन्या कपड्यांचं आवाहन तर करूच नका, ते निवडण्यात दहा माणसं अडकतात.

लोकांना दुसरीकडे हलवावं लागलं तर शेजार शेजारासकट हलवा. जपानमधल्या १९९५च्या कोबे भूकंपानंतर तात्पुरती घरं बऱ्याच अंशी सोडतीने दिली गेली, वृद्धांना आधी. जुने शेजारी विखुरले, आणि अनोळखी वसाहतींत एकट्याने मरण पावलेली आणि उशिरा सापडलेली माणसं हा तिथला मोठा प्रश्न झाला.

आणि तारखा लिहून ठेवा: एक महिना, वर्ष, शिवाय चौकशीचा अहवाल, न्यायालयाची तारीख. या दिवसांत ओसरलेलं परत वर येतं. दोन आठवडे आधी सगळ्यांना कळवा, कॅमेऱ्यांशी बोलणारा एकच माणूस नेमा, आणि ज्यांना कार्यक्रमाला यायचं नाही त्यांना न येण्याबद्दल कुणी विचारणार नाही असं आधीच ठरवा.

---

जुने कागद

फुलांच्या ढिगावर कुणी लिहिलं नाही म्हणून लिहितो. तिथे सर्वांत जास्त मनं दुखावतात.

पहिल्या दिवसापासून दोन कामं. एक, आग: मेणबत्त्या आणि फुलांवरचं प्लास्टिक एकत्र आलं की पेट घेतं. वाळू भरलेले पत्र्याचे ट्रे कडेला ठेवा, मेणबत्त्या तिथेच, फुलांवरचे कागद-प्लास्टिक रोज काढा. दोन, वाट: रुग्णवाहिकेची, दाराची, अंधांच्या काठीची वाट दोरी लावून मोकळी ठेवा.

उचलायची घाई करू नका, पण सडेपर्यंतही थांबू नका. सुकलेली फुलं रोज थोडी थोडी काढली तर चालतं. सगळं एका रात्रीत नाहीसं झालं तर लोक भडकतात. पूर्ण उचलण्याची तारीख किमान दोन आठवडे आधी लावा, कुटुंबांना त्याआधी बोलवा, हवं ते नेऊ द्या. पहाटे उचला, हाताने, खोक्यांत. कचऱ्याची गाडी तिथे उभी राहिलेली कुणाच्याही फोटोत येता कामा नये. फुलांचं खत करा आणि ते कोणत्या बागेत घातलं ते सांगा.

चिठ्ठ्या वेगळ्या. उचलण्याआधी जागच्या जागी फोटो, पाकिटावर तारीख आणि ठिकाण पेन्सिलीने. पावसाचा अंदाज असेल तर आधीच गोळा करा. लॅमिनेशन कधीही करू नका: ओल आत अडकते आणि ते परत काढता येत नाही. सेलोटेप नको, स्टेपल गंजतात, काढून टाका. खेळणी उन्हात नव्हे, वाऱ्यावर सुकवा आणि कीड पाहूनच खोक्यात भरा. सगळं ठेवणं अशक्य असेल तर कशाच्या आधारावर ठेवायचं ते लिखित ठरवा. बॉस्टनमध्ये २०१३च्या मॅरेथॉन स्फोटांच्या स्मृतिस्थळावरच्या वस्तू शहराच्या अभिलेखागारात नेल्या आणि पुढच्या वर्षी त्यांतल्या काहींचं सार्वजनिक ग्रंथालयात प्रदर्शन झालं. तुमच्या शहरात अभिलेखागार, संग्रहालय किंवा ग्रंथालय असेल तर पहिल्याच आठवड्यात विचारा. नंतर विचारलं तर जागा नसते.

---

गच्चीवरून

चिठ्ठ्या आधीच भिजल्या असतील तर?

---

जुने कागद

४८ तासांत बुरशी धरू लागते, म्हणून आधी वेळ मोजा. थोड्या असतील तर टीपकागदावर एकेक पसरा, पंखा लावा पण थेट झोत नको, ऊन नको, इस्त्री नको. चिकटलेले कागद ओढून सोडवू नका, अर्धवट सुकल्यावर आपोआप कडा सुटतात. स्केचपेनची शाई पसरते. ते कागद टिपायचे नाहीत, नुसते आडवे ठेवायचे.

जास्त असतील तर दोन-तीन सेंटिमीटर जाडीचे गठ्ठे करून प्लास्टिक पिशवीत सपाट ठेवा आणि उणे १८ अंशांच्या फ्रीजरमध्ये टाका. बुरशीची वाढ थांबते आणि काही महिन्यांची सवड मिळते. मग एका वेळी एकच गठ्ठा काढा, जेवढा त्या दिवशी पसरता येईल तेवढाच. छापील फोटोंचे गठ्ठे गोठवण्याआधी मध्ये मेणकागद घाला, नाहीतर ते एकमेकांना कायमचे चिकटतात.